हसणारे आणि हसवणारे : लेनी हेन्री यांच्या जीवनातून एक पाठ



आपल्या पाठमालेत आज एका इंग्लिश कलाकाराची ओळख करून घ्यायची आहे. त्यांचं नाव सर लेनी हेन्री. विनोदवीर, चरित्र अभिनेता आणि पटकथालेखक अशी त्यांची तिहेरी ओळख आहे. आपल्याकडे हे नाव फारसं कुणाला माहीत नाही. मग हाच माणूस का निवडला, असा प्रश्न तुम्हाला पडेल. त्याचं कारण माझ्या वर्गात घडलेला एक प्रसंग आहे. तो आधी सांगते.

काही वर्षांपूर्वी माझ्याकडे चौथीचा वर्ग होता. वर्गात एक मुलगा होता. रंगाने सावळा, अभ्यासात मागे, पण नकला करण्यात एकदम हुशार. मुलं त्याला रंगावरून चिडवायची. स्नेहसंमेलनात तो स्टेजवर आला आणि माईक हातात घेऊन म्हणाला, "लाईट गेली तर घाबरू नका, मी दात दाखवतो, मग मी सापडेन." सगळा मंडप हसला. खरं सांगायचं तर मीसुद्धा हसले. टाळ्या पण वाजवल्या. दुसऱ्या दिवशी वर्गाचा फोटो काढायचा होता. तेव्हा हाच मुलगा सगळ्यात मागे, उंच मुलांच्या पाठीआड जाऊन उभा राहिला. फोटोत त्याचे फक्त केस दिसतात.

तो फोटो अजून माझ्या कपाटात आहे. आपण काल नक्की कशाला हसलो, हा प्रश्न त्या दिवशी मला पडला. पुढे लेनी हेन्री यांच्याबद्दल वाचताना त्याचं उत्तर मिळालं. म्हणून हा पाठ.

बालपण आणि घर

लेनी यांचं पूर्ण नाव लेनवर्थ जॉर्ज हेन्री. जन्म २९ ऑगस्ट १९५८. गाव डडली, इंग्लंडच्या मध्यभागी, बर्मिंगहॅम शहराजवळ. या भागाला 'ब्लॅक कंट्री' म्हणतात. नाव ऐकून गैरसमज करून घेऊ नका. हे नाव माणसांच्या रंगावरून पडलेलं नाही. इथे दगडी कोळशाच्या खाणी आणि लोखंडाचे कारखाने होते, सगळीकडे कोळसा आणि धूर, त्यावरून ते पडलं.

लेनीचे आईवडील जमैका या बेटावरचे. जमैका वेस्ट इंडिजमध्ये येतं. क्रिकेटमुळे वेस्ट इंडिज हे नाव आपल्या मुलांना माहीत असतंच. त्या वेळी जमैकावर ब्रिटिशांचं राज्य होतं. दुसऱ्या महायुद्धानंतर इंग्लंडला कामगारांची गरज होती. १९४८ साली 'एम्पायर विंडरश' नावाचं जहाज वेस्ट इंडिजमधून शेकडो माणसं घेऊन इंग्लंडच्या टिलबरी बंदराला लागलं. त्यानंतर जे हजारो लोक आले, त्यांना 'विंडरश पिढी' म्हणतात. लेनीची आई विनिफ्रेड याच पिढीतली. सात भावंडांत लेनी पाचवा, आणि इंग्लंडमध्ये जन्मलेला पहिला. म्हणजे बघा, मोठी भावंडं जमैकाची आणि हा डडलीचा.

आईने कारखान्यात काम करून घर चालवलं. ती कडक शिस्तीची होती. मुलांना तिचं सांगणं असे की इथल्या लोकांत मिसळा, त्यांच्यासारखं बोला, त्यांच्यातले व्हा. त्यामुळे लेनी घरात जमैकन पद्धतीची इंग्रजी ऐकायचा आणि बाहेर डडलीच्या हेलात बोलायचा. घरची बोली वेगळी आणि शाळेची भाषा वेगळी, हे आपल्याकडच्या कितीतरी मुलांचं असतंच. दोन बोली रोज कानावर पडल्या की कान तयार होतो. लेनीचाही झाला. टीव्हीवरच्या माणसांचे आवाज तो हुबेहूब काढू लागला.

पण तो काळ सोपा नव्हता. १९६८ साली इनॉक पॉवेल नावाच्या खासदाराने बर्मिंगहॅममध्ये बाहेरून आलेल्या लोकांविरुद्ध भाषण केलं. ते फार गाजलं. पॉवेल यांचा मतदारसंघ वुल्व्हरहॅम्प्टन डडलीपासून अगदी जवळ होता. लेनी तेव्हा नऊ वर्षांचा. शाळेत, रस्त्यावर रंगावरून शिव्या मिळायच्या, मारामाऱ्या व्हायच्या. मारायला आलेल्या मुलाला हसवलं की तो मारत नाही, हे लेनीला लवकर समजलं. विनोद ही त्याची ढाल झाली.

शाळा आणि कारखाना

त्या काळी इंग्लंडमध्ये मुलं अकरा वर्षांची झाली की एक परीक्षा व्हायची. जी उत्तीर्ण होत ती 'ग्रामर स्कूल'मध्ये जात आणि पुढे कॉलेजला. बाकीची 'सेकंडरी मॉडर्न' शाळेत. तिथून बहुतेकांची वाट कारखान्याकडे जायची. म्हणजे अकराव्या वर्षीच मुलाचं पुढचं आयुष्य जवळपास ठरून जाई. लेनी डडलीतल्या ब्लू कोट या सेकंडरी मॉडर्न शाळेत गेला. शाळा सुटल्यावर वेल्डिंगची यंत्रं बनवणाऱ्या कारखान्यात शिकाऊ कामगार म्हणून लागला. आपल्याकडे आयटीआय करून मुलं अप्रेंटिस लागतात, तसंच समजा.

इथे एक गोष्ट लक्षात ठेवा. शाळेच्या दृष्टीने हा मुलगा 'पुढे न शिकणारा' होता. पाठाच्या शेवटी आपण याच मुद्द्याकडे परत येणार आहोत.

सोळाव्या वर्षी टीव्हीवर

१९७५ साली ब्रिटनमध्ये टीव्हीचे फक्त तीन चॅनेल होते. त्यातल्या एकावर 'न्यू फेसेस' हा नवीन कलाकारांच्या स्पर्धेचा कार्यक्रम लागायचा. सोळा वर्षांचा लेनी त्यात उतरला. सुरुवातीला तो प्रेक्षकांकडे पाठ करून उभा राहिला आणि फ्रँक स्पेन्सर या गाजलेल्या टीव्ही पात्राचा आवाज काढू लागला. फ्रँक स्पेन्सर हा एक गोरा, धांदरट माणूस. आवाज इतका तंतोतंत, की लोकांना वाटलं समोर तसाच कुणीतरी उभा आहे. मग लेनी वळला. कृष्णवर्णीय मुलगा बघून प्रेक्षक आधी चकित झाले आणि मग खळखळून हसले. गायक स्टीव्ही वंडर यांचीही नक्कल त्याने केली. स्पर्धेतली ती फेरी जिंकली. काल कारखान्यात काम करणारा मुलगा आज घराघरांत पोचला.

आता जरा थांबा आणि विचार करा. लोक का हसले? नक्कल चांगली होती म्हणून, की वळल्यावर रंग दिसला म्हणून? दोन्ही कारणं होती. पण त्या दिवशी हा प्रश्न कुणी विचारला नाही. सोळा वर्षांच्या मुलाने तरी तो कसा विचारावा?

त्याच्या आधीची वाट कशी होती तेही सांगते. चार्ली विल्यम्स नावाचे एक कृष्णवर्णीय विनोदवीर तेव्हा खूप लोकप्रिय होते. आधी ते डॉनकास्टर रोव्हर्स संघाकडून फुटबॉल खेळत. प्रेक्षक गोंगाट करू लागले की ते म्हणायचे, गप्प बसा, नाहीतर तुमच्या शेजारी राहायला येईन. लोक पोट धरून हसायचे. पण या विनोदाचा अर्थ काय? कृष्णवर्णीय माणूस शेजारी येणं ही भीतीची गोष्ट आहे, हाच ना? रंगमंचावर टिकायचं तर अशीच वाट तेव्हा उपलब्ध होती. लेनीनेही स्वतःच्या रंगावर विनोद केले.

पाच वर्षांची चूक

पाठातला सगळ्यात अवघड भाग आता येतो.

बीबीसीवर १९५८ पासून 'द ब्लॅक अँड व्हाईट मिन्स्ट्रेल शो' नावाचा कार्यक्रम चालू होता. त्यात गोरे गायक तोंडाला काळा रंग फासून, ओठ मोठे रंगवून गाणी म्हणत. ही पद्धत एकोणिसाव्या शतकात अमेरिकेत सुरू झाली. गुलामगिरीत राबणाऱ्या कृष्णवर्णीय लोकांची टिंगल करणारी ती करमणूक होती. कार्यक्रम बंद करा अशी मागणी १९६७ पासूनच होत होती. तरी तो टीव्हीवर १९७८ पर्यंत चालला. कारण लोकांना तो आवडत होता.

या कार्यक्रमाचे गावोगाव रंगमंचावरही प्रयोग होत. लेनीच्या व्यवस्थापकाने त्याला त्यात काम दिलं. आजूबाजूला सगळे तोंड काळं केलेले गोरे, आणि मध्ये खरोखरचा काळा असा एकटा लेनी. सुमारे पाच वर्षं तो हे काम करत होता. पैसे मिळत होते, टाळ्या मिळत होत्या. पण आतून त्याला ते खात होतं. याबद्दल आपल्याला किती पश्चात्ताप आणि लाज वाटते, हे त्यांनी पुढे मुलाखतींत आणि २०१९ साली आलेल्या आत्मचरित्रात मोकळेपणाने सांगितलं आहे.

काही जण म्हणतील, त्याने नाही म्हणायला हवं होतं. बरोबर आहे. पण त्याचं वय बघा. सोळा-सतरा वर्षांचं पोर, सही केलेला करार, आजूबाजूची सगळी मोठी माणसं खूश. चूक दाखवून देणारं मोठं माणूस जवळ हवं होतं. माझ्या चौथीतल्या मुलाच्या जवळ असं मोठं माणूस होतं. ते मी होते, आणि मी टाळ्या वाजवत होते.

वळण कसं आलं?

लेनीचं वळण एका दिवसात आलं नाही. तीन गोष्टी घडल्या.

पहिली गोष्ट म्हणजे 'द फॉस्टर्स' ही मालिका. १९७६-७७ मध्ये ती दाखवली गेली. जवळपास सगळे कलाकार कृष्णवर्णीय असलेली ही ब्रिटनमधली पहिली विनोदी मालिका. गयाना देशातून आलेले ज्येष्ठ अभिनेते नॉर्मन बीटन त्यात वडिलांच्या भूमिकेत होते. लेनीला अभिनय शिकलेली, स्वतःचा मान राखून काम करणारी आपल्यासारखी माणसं इथे पहिल्यांदा जवळून बघायला मिळाली. नक्कल म्हणजे अभिनय नव्हे, हे कळलं.

दुसरी गोष्ट म्हणजे लहान मुलांचा 'टिसवॉझ' हा शनिवार सकाळचा धमाल कार्यक्रम. १९७८ पासून तो त्यात होता. तिथे स्वतःची नवी पात्रं तयार करायची मोकळीक मिळाली. मुलं रंग बघून हसत नव्हती, गंमत बघून हसत होती.

तिसरी गोष्ट म्हणजे लंडनमधली नवीन विनोदवीरांची पिढी. १९८० च्या आसपास काही तरुण कलाकार ठरवून वेगळा विनोद करू लागले. त्यांचा नियम असा, की कुणाच्या रंगावर, बाईपणावर, परदेशी असण्यावर विनोद करायचा नाही. विनोद करायचाच तर सत्ता असलेल्यांवर करायचा. या मंडळींत लेनीची ओळख डॉन फ्रेंच या विनोदी अभिनेत्रीशी झाली. १९८४ मध्ये त्यांनी लग्न केलं. (२०१० मध्ये दोघं सामंजस्याने वेगळे झाले.) या मित्रमैत्रिणींनी लेनीला विचारलं, स्वतःवर असे विनोद तू का करतोस? इतक्या वर्षांत हा प्रश्न पहिल्यांदा कुणीतरी विचारला होता.

दोन विनोदांची तुलना

आता एक उदाहरण घेऊ, म्हणजे फरक नीट कळेल. वर्गात हे फळ्यावर दोन रकाने करून दाखवता येईल.

चार्ली विल्यम्स यांचा विनोद आपण वर पाहिला. शेजारी राहायला येईन म्हणायचं आणि लोकांना घाबरवायचं. आता लेनी यांचा एक गाजलेला विनोद बघा. बाहेरून आलेल्यांनी आपल्या देशात परत जावं, त्यासाठी हवं तर पैसे देऊ, असं काही राजकारणी तेव्हा म्हणत. लेनी यांनी त्यावर विनोद केला. त्याचा आशय असा : मला घरी जायला हजार पौंड देताय? घ्यायला तयार आहे की! माझं घर डडलीला, बसचं तिकीट काही पेन्सच आहे.

दोन्ही विनोदांत विषय एकच, रंग. दोन्हींत लोक हसतात. पण पहिल्यात हसण्याचा विषय तो माणूस स्वतः होतो. दुसऱ्यात हसं होतं ते त्याला हाकलायला निघालेल्याचं. शिवाय दुसऱ्यातून एक खरी गोष्ट कळते. ती म्हणजे हा माणूस इथलाच आहे, याचं घर डडलीलाच आहे. विनोद तसाच मजेशीर, फक्त बोट कुणाकडे आहे ते बदललं.

मला वाटतं, विनोद शिकवायचा तर एवढंच शिकवावं. बोट कुणाकडे आहे ते बघ.

कलाकार म्हणून वाढ

१९८१ ते १९८३ या काळात 'थ्री ऑफ अ काइंड' हा बीबीसीचा कार्यक्रम गाजला. त्यात ट्रेसी उलमन आणि डेव्हिड कॉपरफिल्ड हे इतर दोन कलाकार होते. १९८४ पासून 'द लेनी हेन्री शो' सुरू झाला. त्यांनी एकाहून एक पात्रं उभी केली. डेल्बर्ट विल्किन्स हे त्यातलं एक. लंडनच्या ब्रिक्स्टन भागात परवान्याशिवाय रेडिओ केंद्र चालवणारा बोलबच्चन तरुण. या पात्राला लोक हसत, पण त्याच्यावर प्रेमही करत, कारण तो खराखुरा माणूस वाटायचा.

१९८५ साली इथिओपियातल्या दुष्काळाने जग हादरलं होतं. तेव्हा लेनी आणि पटकथालेखक रिचर्ड कर्टिस यांनी 'कॉमिक रिलीफ' ही संस्था सुरू केली. लोकांना हसवायचं आणि गरजूंसाठी मदत गोळा करायची, अशी साधी कल्पना. १९८८ च्या फेब्रुवारीत पहिला 'रेड नोज डे' झाला. त्या दिवशी लोक विदूषकासारखं लाल नाक लावून ऑफिसला, शाळेला गेले. पहिल्याच वर्षी सुमारे दीड कोटी पौंड जमले. पुढच्या तीस वर्षांत हा आकडा शंभर कोटी पौंडांच्या वर गेला. २०२४ पर्यंत लेनी या कार्यक्रमाचे सूत्रसंचालन करत होते.

सगळंच यशस्वी झालं असं मात्र नाही. १९९१ मध्ये 'ट्रू आयडेंटिटी' हा हॉलिवूडचा चित्रपट मिळाला. त्यात गुंडांपासून लपायला गोऱ्या माणसाचा मेकअप करणारा कृष्णवर्णीय नट त्यांनी रंगवला. चित्रपट चालला नाही. ते इंग्लंडला परतले आणि १९९३ पासून 'शेफ!' या मालिकेत गॅरेथ ब्लॅकस्टॉक हा तापट, पण कामात अत्यंत निष्णात मुख्य आचारी साकारला. या पात्राची गोष्ट स्वयंपाकघरातली होती, रंगाची नव्हती. ही फार मोठी गोष्ट होती.

आपल्या शिक्षक मंडळींसाठी एक खास माहिती. १९९९-२००० मध्ये 'होप अँड ग्लोरी' नावाची मालिका आली. बंद पडायच्या बेतात असलेली एक शाळा आणि ती वाचवायला आलेला मुख्याध्यापक, अशी तिची गोष्ट. मुख्याध्यापक इयन जॉर्ज यांची गंभीर भूमिका लेनी यांनी केली. सेकंडरी मॉडर्नमधून बाहेर पडलेला मुलगा पडद्यावर मुख्याध्यापक झाला होता.

चाळिशीनंतर पुन्हा विद्यार्थी

१९९८ मध्ये लेनी यांची आई वारली. त्याच सुमारास त्यांच्या मनात राहून गेलेल्या शिक्षणाची रुखरुख वाढली. पैसा होता, नाव होतं, १९९९ मध्ये सीबीई हा सरकारी सन्मानही मिळाला. तरी आपण नीट वाचलं नाही, शिकलो नाही, असं वाटत होतं. मग त्यांनी ओपन युनिव्हर्सिटीत, म्हणजे मुक्त विद्यापीठात, नाव घातलं. आपल्यापैकी किती तरी जणांनी डी.एड. झाल्यावर नोकरी करता करता मुक्त विद्यापीठातून बी.ए. केलं आहे. दिवसभर काम आणि रात्री स्वाध्याय लिहिणं म्हणजे काय, हे वेगळं सांगायला नको. लेनी यांनी चित्रीकरण आणि दौरे सांभाळत हेच केलं. २००७ साली, वयाच्या एकोणपन्नासाव्या वर्षाच्या सुमारास, इंग्रजी साहित्यात बी.ए. झाले.

तिथे थांबले नाहीत. लंडन विद्यापीठाच्या रॉयल हॉलोवे महाविद्यालयातून पटकथालेखनात एम.ए. केलं. २०१८ मध्ये तिथूनच पीएच.डी. मिळवली. संशोधनाचा विषय खेळांवरचे चित्रपट, त्यांची पटकथा आणि त्यांत कृष्णवर्णीय माणसांना मिळणारी जागा. विंगेत उभं राहून जे भोगलं, त्याचाच आता अभ्यास केला.

शेक्सपिअरची भीती

शाळेत असताना लेनी यांना शेक्सपिअर नकोसा वाटायचा. हे आपल्यासारख्यांसाठी नाही, अशी मनात भीती होती. २००६ मध्ये त्यांनी याच भीतीवर बीबीसी रेडिओसाठी एक कार्यक्रम केला. त्या निमित्ताने बॅरी रटर या दिग्दर्शकाची भेट झाली. रटर यांची 'नॉर्दर्न ब्रॉडसाइड्स' ही नाटकमंडळी तेव्हा उत्तर इंग्लंडच्या साध्या हेलात शेक्सपिअरची नाटकं करत असे. म्हणजे शेक्सपिअर बोलायला राजघराण्याची जीभ लागत नाही!

२००९ च्या फेब्रुवारीत लीड्स शहरात लेनी 'ऑथेल्लो' म्हणून रंगमंचावर आले. ऑथेल्लो हा कृष्णवर्णीय सेनापती. पूर्वी ही भूमिका बरेचदा गोरे नट तोंडाला काळा रंग लावून करत. १९६५ च्या चित्रपटात थोर अभिनेते लॉरेन्स ऑलिव्हिए यांनीही ती तशीच केली होती. ज्या मुलाने पाच वर्षं रंग फासलेल्या माणसांमध्ये काम केलं, तोच आता ही भूमिका स्वतःच्या चेहऱ्याने करत होता.

विनोदवीराला हे जमणार नाही, अशी अनेकांना शंका होती. प्रयोग गाजला आणि लंडनला गेला. त्या वर्षी लेनी यांना 'इव्हनिंग स्टँडर्ड'चा नाट्यपुरस्कार मिळाला. कोणता माहीत आहे? उल्लेखनीय नवोदित कलाकाराचा! वय ५१. रंगमंचावर उभं राहून तीस वर्षांहून जास्त झालेली. मला हा पुरस्कार त्यांच्या सगळ्या सन्मानांत जास्त आवडतो. एक्कावन्नाव्या वर्षी नवोदित व्हायला धीर लागतो.

त्यानंतर त्यांनी नॅशनल थिएटरमध्ये शेक्सपिअरचं 'कॉमेडी ऑफ एरर्स' केलं. ऑगस्ट विल्सन या अमेरिकन नाटककाराच्या 'फेन्सेस'मध्ये ट्रॉय मॅक्सन ही अतिशय अवघड भूमिका केली. २०२२ च्या 'द रिंग्ज ऑफ पॉवर' या मालिकेतला सडॉक बरोज हा म्हातारा वाटाड्या काही विद्यार्थ्यांनी मोबाईलवर पाहिलाही असेल. चरित्र अभिनेता तो हाच. नायक असो वा नसो, माणूस उभा करणारा.

स्वतःची गोष्ट स्वतः लिहिणं

शेवटचा टप्पा लेखनाचा. २०१५ मध्ये बीबीसीवर 'डॅनी अँड द ह्यूमन झू' हा चित्रपट आला. पटकथा लेनी यांची. सत्तरच्या दशकात डडलीत वाढणारा, नकला करून प्रसिद्ध होणारा आणि स्वतःलाच हरवून बसणारा डॅनी म्हणजे तरुण लेनीच. गंमत अशी की या चित्रपटात डॅनीच्या वडिलांचं काम लेनी यांनी स्वतः केलं. आपल्या लहानपणाकडे बापाच्या नजरेने बघायची ही किती चांगली रीत! त्याच वर्षी त्यांना 'सर' हा किताब मिळाला.

२०२३ मध्ये 'ऑगस्ट इन इंग्लंड' हे त्यांचं पहिलं नाटक आलं. सगळं आयुष्य इंग्लंडमध्ये काढूनही कागदपत्रं नाहीत म्हणून सरकारने परकं ठरवलेल्या माणसाची ही गोष्ट. विंडरश पिढीतल्या अनेकांवर असा अन्याय झाल्याचं २०१८ मध्ये उघड झालं होतं. लिहिलं त्यांनी आणि रंगमंचावर एकट्याने सादरही त्यांनीच केलं. त्याच वर्षी 'थ्री लिटल बर्ड्स' ही मालिका आली. १९५७ मध्ये जमैकाहून इंग्लंडला आलेल्या तीन तरुणींची ही कथा आईच्या आठवणींवरून सुचलेली आहे. इंग्लंडमध्ये मिसळून जा, असं सांगणाऱ्या आईची स्वतःची गोष्ट काय होती, ते मुलाने पासष्टाव्या वर्षी सगळ्या देशाला सांगितलं.

या पाठातून काय घ्यायचं?

पहिलं म्हणजे वर्गातला विनोदी मुलगा हसवतोय म्हणजे तो आनंदात आहेच, असं समजू नका. कधी कधी ती ढाल असते. दुसरे हसायच्या आत तो स्वतःच स्वतःला हसून घेतो.

दुसरं म्हणजे अकराव्या वर्षीच्या परीक्षेने ज्याला बाजूला काढलं, तो साठाव्या वर्षी डॉक्टरेट घेतो. म्हणून चौथीतल्या मुलाबद्दल 'याचं काही होणार नाही' हे वाक्य आपण शिक्षकांनी तोंडातून काढू नये. मनातही आणू नये.

तिसरं म्हणजे चूक झाली तर ती लपवण्यापेक्षा सांगावी. लेनी यांनी मिन्स्ट्रेल शोची पाच वर्षं आत्मचरित्रातून गाळली नाहीत.

माझीही चूक मी वर सांगितलीच. त्या फोटोनंतर मी त्या मुलाला बाजूला घेऊन म्हटलं, "काल मी हसले ते चुकलंच माझं." तो काही बोलला नाही, नुसता बघत राहिला. मग मी त्याला म्हटलं, "एसटीच्या कंडक्टरची नक्कल येते का तुला?" त्यावर मात्र तो लगेच म्हणाला, "बाई, तुमची पण येते." पुढच्या शनिवारी दप्तराविना शाळेत त्याने माझी नक्कल केली. खडू शोधताना मी कशी टेबलाचे खण उघडत बसते, चष्मा डोक्यावर ठेवून चष्मा कसा शोधते, सगळं हुबेहूब. वर्ग हसून हसून लोळला. त्या दिवशी तो सगळ्यांच्या पुढे, मधोमध उभा होता.

शब्दार्थ

नक्कल – दुसऱ्याच्या बोलण्या-वागण्याचं हुबेहूब अनुकरण
चरित्र अभिनेता – निरनिराळ्या स्वभावाची माणसं उभी करणारा नट
पटकथा – चित्रपटासाठी प्रसंग आणि संवादांसह लिहिलेली गोष्ट
हेल – बोलण्याची विशिष्ट भागातली लकब
नवोदित – क्षेत्रात नव्याने आलेला
रुखरुख – मनाला लागून राहिलेली टोचणी

स्वाध्याय

१. 'ब्लॅक कंट्री' हे नाव कशावरून पडलं?
२. 'न्यू फेसेस' स्पर्धेत लेनी प्रेक्षकांकडे पाठ करून का उभा राहिला असेल? तुमचं मत लिहा.
३. पाठातल्या दोन विनोदांची तुलना करा. प्रत्येकात बोट कुणाकडे आहे?
४. वयाच्या ५१ व्या वर्षी 'नवोदित' पुरस्कार मिळणं तुम्हाला कसं वाटतं? तीन-चार वाक्यांत सांगा.
५. तुमच्या घरात बोलली जाणारी बोली आणि शाळेतली भाषा यांत वेगळे असलेले पाच शब्द लिहा.

उपक्रम : गटात एक एक विनोद सांगा. मात्र अट अशी, की कुणाचा रंग, उंची, जात, गाव किंवा बोलणं यावर विनोद नको. सांगून झाल्यावर गटातल्या प्रत्येकाला विचारा, "तुला पण हसू आलं का?"

शिक्षकांसाठी : उपक्रम घेताना सुरुवात स्वतःवरच्या एखाद्या गमतीने करा. चष्मा, खडू, विसरभोळेपणा, काहीही चालेल. मुलांना धीर येतो.

पाठ कसा वाटला ते नक्की कळवा. भेटूया पुढच्या पाठात.